बंदी न घालता सिनेमा कसा मारला जातो?

सरकारने एखाद्या चित्रपटावर बंदी घातली की आपल्याकडे बातमी होते, चर्चा झडतात, कोर्टात याचिका जाते आणि पुष्कळदा त्या गदारोळाचा फायदा चित्रपटालाच होतो. पण ज्या चित्रपटावर कोणत्याही सरकारने कागदोपत्री बंदी घातली नाही आणि तरीही जो लोकांपर्यंत पोहोचू दिला गेला नाही, त्याचे काय? त्याच्यासाठी याचिका कोणाविरुद्ध करायची? फिल्म धुऊन देणाऱ्या लॅबविरुद्ध, प्रोजेक्टर चालवणाऱ्याविरुद्ध, की जाहिरात न छापणाऱ्या वर्तमानपत्राविरुद्ध?

हा प्रश्न मला नेहमी पॉल जॅरिको या माणसाकडे नेतो. आंबेडकरी चळवळीत सिनेमावर बोलताना आपण नायक कोणत्या जातीचा आहे, दिग्दर्शक कोण आहे, संवादात जयभीम आहे की नाही, यावर तासन् तास बोलतो. निर्मात्यावर मात्र फारसे बोलत नाही. निर्माता म्हणजे पैसेवाला, त्याच्याशी आपले काय देणेघेणे, अशी आपली समजूत असते. ती समजूत सोडून द्यायला हवी. सिनेमात मालकीचा प्रश्न जर कुठे उघडा पडत असेल तर तो निर्मात्याच्या खुर्चीपाशी. जॅरिकोने निर्माता म्हणून ज्याचे नाव घ्यावे असा एकच मोठा चित्रपट केला, 'सॉल्ट ऑफ द अर्थ', आणि तो एक चित्रपट पूर्ण करू नये म्हणून अमेरिकेची संसद, स्टुडिओ, इमिग्रेशन खाते आणि सिनेमातल्या कामगार संघटनेचे पुढारी असे सगळे एकत्र आले होते.

जॅरिकोचा जन्म १९१५ चा, लॉस एंजेलिसचा. मूळ नाव इस्रायल शपिरो. सिनेमात येताना त्याने ते बदलले, कारण नावावरून माणूस ज्यू आहे हे लगेच कळत होते. आडनाव म्हणजे काय चीज असते हे आपल्या वाचकांना वेगळे सांगायला नको. १९४७ च्या नोव्हेंबरमध्ये हॉलिवूडच्या दहा जणांवर संसदेच्या अवमानाचा ठराव आला, तेव्हा मिसिसिपीचा खासदार जॉन रँकिन सभागृहात उभा राहिला आणि त्या दहा जणांच्या बाजूने निवेदनावर सह्या करणाऱ्या नटांची मूळ नावे वाचून दाखवू लागला. डॅनी के म्हणजे कामिन्स्की, एडवर्ड जी. रॉबिन्सन म्हणजे गोल्डनबर्ग. पुढे काही सांगण्याची त्याला गरज वाटली नाही. मुलाखतीत 'आपलं आडनाव काय म्हणालात?' असे विचारून मग गाव विचारणारे साहेब आणि हा रँकिन एकाच शाळेतले.

ते दहा जण तुरुंगात गेले. जॅरिको त्यांच्यात नव्हता, त्याची पाळी दुसऱ्या लाटेत आली. १९४१ च्या 'टॉम, डिक अँड हॅरी' या चित्रपटाच्या पटकथेसाठी त्याला ऑस्करचे नामांकन मिळालेले होते, हाताला चांगले काम होते. १९५१ मध्ये त्याला संसदेच्या 'अन-अमेरिकन' कारवायांच्या समितीचे समन्स आले. त्या वेळी तो हॉवर्ड ह्यूज या अब्जाधीशाच्या आरकेओ स्टुडिओत 'द लास वेगास स्टोरी' लिहीत होता. समन्स आल्याबरोबर ह्यूजने त्याला काढून टाकले. एप्रिल १९५१ मध्ये समितीपुढे त्याने घटनेच्या पाचव्या दुरुस्तीचा आधार घेऊन उत्तरे द्यायला आणि मित्रांची नावे सांगायला नकार दिला. संपले. त्या दिवसापासून हॉलिवूडचा कोणताही दरवाजा त्याच्यासाठी उघडा राहिला नाही.

इथे नावाचा प्रश्न पुन्हा येतो. लेखकांच्या गिल्डच्या लवादाने निर्णय दिला की 'लास वेगास स्टोरी'च्या पटकथेचे श्रेय जॅरिकोला मिळाले पाहिजे. ह्यूज म्हणाला, देणार नाही, काय करायचे ते करा. प्रकरण कोर्टात गेले आणि कोर्टाने ह्यूजची बाजू उचलून धरली. त्यानंतर १९५३ मध्ये गिल्डने स्वतःच गुडघे टेकले. काळ्या यादीतल्या लेखकाचे नाव पडद्यावरून गाळायची मुभा तिने स्टुडिओंना देऊन टाकली. लेखकांची संघटना, लेखकांच्या वर्गणीवर चालणारी, लेखकाचे नाव पुसायला राजी झाली! जॅरिकोचा साडू मायकेल विल्सन याची गोष्ट तर आणखी चीड आणणारी आहे. 'ब्रिज ऑन द रिव्हर क्वाय'च्या पटकथेवर त्याने काम केले आणि ऑस्कर मिळाले मूळ फ्रेंच कादंबरीकाराला, ज्याने ती पटकथा लिहिलीच नव्हती. काम तुझे, नाव दुसऱ्याचे. हा व्यवहार आपल्याकडे हजारो वर्षे चालला, त्यामुळे त्याचे वर्णन करायला आपल्याला परक्या सिद्धान्ताची गरज पडू नये.

काम बंद झालेल्या माणसापुढे दोन वाटा असतात. एक, माफी मागून आत शिरणे. पुष्कळांनी ती घेतली, मित्रांची नावे सांगितली आणि पुन्हा कामाला लागले. दुसरी, टोपणनावाने लपून लिहिणे. जॅरिकोने आणि त्याच्याबरोबरच्या काही जणांनी तिसरी वाट काढली. स्वतःचीच कंपनी काढायची. दिग्दर्शक हर्बर्ट बिबरमन (तो दहा जणांपैकी, तुरुंगातून सुटलेला), लॉस एंजेलिसमधले थिएटरमालक सायमन लाझारस आणि जॅरिको अशांनी मिळून 'इंडिपेंडंट प्रॉडक्शन्स कॉर्पोरेशन' उभी केली. ज्यांना स्टुडिओ काम देत नाही ते कारागीर घेऊन, स्टुडिओ ज्यांच्या गोष्टी सांगत नाही त्यांच्या गोष्टी सांगायच्या, असा साधा हिशोब.

गोष्ट त्यांना न्यू मेक्सिकोत सापडली. जॅरिको आणि त्याची पत्नी सिल्व्हिया १९५१ च्या उन्हाळ्यात तिकडे गेले असताना क्लिंटन आणि व्हर्जिनिया जेन्क्स या दाम्पत्याशी त्यांची गाठ पडली. क्लिंटन खाणकामगारांच्या युनियनचा संघटक होता. हॅनोव्हर गावात एम्पायर झिंक कंपनीच्या खाणीवर ऑक्टोबर १९५० पासून संप चालू होता. संपकरी बहुतेक मेक्सिकन वंशाचे. गोऱ्या कामगाराला एक मजुरी, मेक्सिकन कामगाराला कमी. पगाराच्या रांगा वेगळ्या, संडास-बाथरूम वेगळी, कंपनीच्या चाळी वेगळ्या. आणि त्या चाळींतला फरक काय होता? गोऱ्यांच्या घरात नळ होता, मेक्सिकनांच्या घरात नव्हता.

पाणी! महाडचे नाव घेतल्याशिवाय हे वाक्य मला ओलांडता येत नाही. चवदार तळ्याचे पाणी पिऊन आम्ही अमर होणार आहोत असे नाही, आम्हीही माणसे आहोत हे ठरवायला आलो आहोत, हा विचार बाबासाहेबांनी १९२७ मध्ये मांडला. इकडे न्यू मेक्सिकोतल्या खाणकामगारांच्या बायका म्हणत होत्या, आमच्या मागण्यांच्या यादीत घरात पाणी आणि शौचालय ही मागणी घाला. पुरुष म्हणत होते, आधी खाणीतली सुरक्षितता, आधी मजुरी, ते तुमचे नंतर बघू.

जून १९५१ मध्ये कोर्टाने संपकरी कामगारांना खाणीच्या फाटकावर पहारा करायला मनाई केली. मनाई कामगारांना होती. बायकांचे नाव त्यात नव्हते. मग बायका फाटकावर उभ्या राहिल्या. अश्रुधूर झाला, गाड्या अंगावर घातल्या गेल्या, डझनावारी बाया पोराबाळांसह तुरुंगात कोंबल्या. त्या हटल्या नाहीत. पंधरा महिने चाललेला संप जानेवारी १९५२ मध्ये मिटला, आणि मेक्सिकन चाळींत पुढे गरम पाण्याचे नळ आले.

याच गोष्टीवर विल्सनने पटकथा लिहिली. आपल्या दृष्टीने सर्वात शिकण्यासारखा भाग यानंतरचा आहे. विल्सनने पटकथेचा मसुदा नेऊन खाणकामगारांच्या आणि त्यांच्या बायकांच्या सभेत वाचला. त्यांनी त्यातले प्रसंग नाकारले. नायकाचे बाहेर लफडे आहे असे एक उपकथानक होते. लोक म्हणाले, हे काढा, आमच्याबद्दल गोरे लोक हेच बोलतात. नायक पगारातून दारूची बाटली घेतो असा प्रसंग होता. तोही काढायला लावला. ऑस्कर मिळालेल्या लेखकाने ते मान्य केले. 'कलास्वातंत्र्य' या नावाखाली आपल्या वस्त्या म्हणजे दारू, शिव्या, डुकरे आणि गटारे एवढेच दाखवणाऱ्या किती दिग्दर्शकांनी आपला मसुदा त्या वस्तीत वाचून दाखवला आहे? एकाचे नाव कोणी मला सांगावे.

भूमिकाही त्यांनीच केल्या. नायक रामोनचे काम खऱ्या युनियनचा अध्यक्ष हुआन चाकोन याने केले. व्यावसायिक नट अवघे पाच. नायिका एस्पेरांझाच्या कामासाठी मेक्सिकोहून रोझाउरा रेव्हुएल्तास ही अभिनेत्री आली. तंत्रज्ञांची तर आणखी वेगळी कहाणी. सिनेमातल्या तंत्रज्ञांच्या मोठ्या संघटनेने कामगार द्यायला नकार दिला होता. या संघटनेच्या दारातून एरवीही कृष्णवर्णीयांना आत घेत नसत. जॅरिकोने यादीतून बाद झालेले गोरे आणि यादीत कधी घेतलेच नव्हते असे कृष्णवर्णीय तंत्रज्ञ जमवले आणि सुमारे अडीच लाख डॉलरांत चित्रीकरण सुरू केले.

१९५३ च्या सुरुवातीला चित्रीकरण निम्म्यावर आले आणि हल्ला सुरू झाला. फेब्रुवारीत कॅलिफोर्नियाचा खासदार डोनाल्ड जॅक्सन संसदेत म्हणाला की हा चित्रपट रशियाच्या हातातले हत्यार आहे. पाठोपाठ रेव्हुएल्तासला इमिग्रेशनवाल्यांनी पकडले, आणि तिला मेक्सिकोत परतावे लागले. नायिकेविना उरलेले प्रसंग बदली बाई पाठमोरी उभी करून घेतले, काही तिकडे मेक्सिकोत जाऊन चोरून घेतले. गावगुंडांनी चित्रीकरण करणाऱ्यांना मारहाण केली, गोळ्या झाडल्या.

आणि मग ते पत्र. जॅक्सनने सिनेमातल्या मान्यवरांना विचारले होते की हा चित्रपट थांबवता येईल का. हॉवर्ड ह्यूजने उत्तर पाठवले. त्यात विचारसरणीवर भाषण नव्हते. एखाद्या कुशल मुकादमाने कामाची यादी द्यावी तशी यादी होती. चित्रीकरण झाले म्हणजे चित्रपट झाला असे नाही, असे त्याने समजावून सांगितले. फिल्म धुवावी लागते, प्रती काढाव्या लागतात, संकलन करावे लागते, आवाज मिसळावा लागतो, संगीत ध्वनिमुद्रित करावे लागते. यातल्या प्रत्येक टप्प्याला उद्योगाने दार बंद करावे, चित्रपट देशाबाहेरही जाऊ देऊ नये, मग कायद्याची गरजच उरणार नाही. ह्यूजच्या पत्रावर पीएचडी व्हायला हवी. जातिव्यवस्था कशी चालते ते समजून घ्यायलाही ते उपयोगी आहे. तुम्हाला कोणी 'मनाई' म्हणत नाही. फक्त न्हावी येत नाही, वाणी माल देत नाही, शेताला वाट मिळत नाही, खोली भाड्याने मिळत नाही. आपण याला बहिष्कार म्हणतो.

पॅथे लॅबने फिल्म धुवायला नकार दिला. जॅरिकोने डबे वेगळ्या नावाने वेगवेगळ्या लॅबना पाठवायला सुरुवात केली. संकलन एका जागी करता येईना. एकदा तर बंद पडलेल्या थिएटरच्या बायकांच्या स्वच्छतागृहात संकलनाचे यंत्र मांडले. वादकांना कोणत्या चित्रपटाचे संगीत आहे हे न सांगता ते मुद्रित केले. ज्याने एकेकाळी आरामात स्टुडिओच्या कचेरीत बसून विनोदी पटकथा लिहिल्या, तो माणूस आता डबे लपवत हिंडत होता. माझ्या मते जॅरिकोची खरी कारकीर्द हीच. निर्माता म्हणजे नेमके काय, हे त्याने या दोन वर्षांत दाखवून दिले.

चित्रपट मार्च १९५४ मध्ये न्यूयॉर्कच्या ग्रँड थिएटरमध्ये लागला. सेन्सॉरने अडवला नाही. पण प्रोजेक्टर चालवणाऱ्यांच्या युनियनच्या वरिष्ठांचा आदेश होता की हा चित्रपट दाखवू नका, आणि थिएटरमालकांनी करार करून मोडले. काही वर्तमानपत्रांनी जाहिराती घेतल्या नाहीत. 'मूकनायक'ची जाहिरात पैसे देऊ केले तरी 'केसरी'ने छापली नव्हती, हे इथे आठवते. साऱ्या अमेरिकेत मिळून जेमतेम डझनभर थिएटरांत तो दिसला. त्याच वर्षी कार्लोव्ही व्हारीच्या महोत्सवात त्याला आणि रेव्हुएल्तासला सन्मान मिळाले. तिला मात्र मायदेशातही नंतर काम मिळेनासे झाले. कंपनीने १९५६ मध्ये स्टुडिओ आणि वितरकांवर मक्तेदारीविरोधी कायद्याखाली दावा लावला. निकाल लागायला १९६४ उजाडले, आणि दावा हरले. संगनमत झाले हे सिद्ध करणे किती अवघड असते, हे अॅट्रॉसिटीच्या केसमध्ये साक्षीदार फुटताना ज्यांनी पाहिले आहे त्यांना कळेल.

जॅरिकोचा पासपोर्टही अडवलेला होता. १९५८ मध्ये अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने निर्णय दिला तेव्हा त्याला बाहेर पडता आले. त्याच निर्णयाने डब्ल्यू. ई. बी. डू बॉइस यांचाही पासपोर्ट मोकळा झाला. हे तेच डू बॉइस, ज्यांना १९४६ मध्ये बाबासाहेबांनी पत्र लिहून अमेरिकन कृष्णवर्णीयांनी संयुक्त राष्ट्रसंघाकडे केलेल्या अर्जाची प्रत मागितली होती. अमेरिकेतल्या त्या काळच्या दडपशाहीची गोष्ट आपल्याकडे 'कम्युनिस्टांचा छळ' एवढ्या एका ओळीत सांगितली जाते, ती अपुरी आहे. यादीत कोण आहे याबरोबर यादीतल्यांनी कोणाबरोबर उभे राहायचे ठरवले होते, तेही पाहावे लागते.

आता काही मित्र म्हणतील, जॅरिको कम्युनिस्ट होता, त्याचे कौतुक आंबेडकरी माणसाने का करावे? तो होता, अनेक वर्षे होता, आणि स्टालिनच्या रशियात काय चालले आहे याकडे त्याने १९५६ पर्यंत डोळेझाक केली. स्वतःच्या देशात एका यादीविरुद्ध लढणारा माणूस दुसऱ्या देशातल्या त्याहून भयंकर यादीबद्दल गप्प बसला, हे त्याच्या खात्यावर लिहिलेच पाहिजे. पण माझा मुद्दा वेगळा आहे. मुंबईच्या गिरण्यांत विणकाम खात्यात अस्पृश्यांना घेत नसत, कारण सूत तोंडाने ओढावे लागे आणि विटाळ होई. १९२८ च्या संपाच्या वेळी बाबासाहेबांनी हा प्रश्न उपस्थित केला तेव्हा लाल बावट्याच्या पुढाऱ्यांना तो वर्गलढ्यात फूट पाडणारा वाटला. १९३८ मध्ये मनमाडला रेल्वे कामगारांपुढे त्यांना ब्राह्मणशाही आणि भांडवलशाही हे दोन्ही शत्रू आहेत असे स्पष्ट सांगावे लागले, ते या अनुभवातून. 'सॉल्ट ऑफ द अर्थ' मध्ये वंशाचा प्रश्न, बाईचा प्रश्न आणि मजुरीचा प्रश्न एकाच फाटकावर उभे आहेत, कोणी कोणाला 'नंतर बघू' म्हणत नाही. जो म्हणतो त्याला पुढच्या प्रसंगात कपडे धुवायला बसावे लागते. हा चित्रपट अमेरिकन भांडवलदारांनी दडपला हे खरे. तो आपल्याकडच्या डाव्यांनी नीट पाहिला असता तर त्यांचे पुष्कळ भले झाले असते.

आपल्या आजच्या स्थितीकडे या नजरेने बघा. गेल्या वर्षी, २०२५ मध्ये, 'फुले' हा हिंदी चित्रपट जोतिबांच्या जयंतीला, ११ एप्रिलला लागायचा होता. ब्राह्मण संघटनांच्या आक्षेपानंतर तो २५ एप्रिलला लागला, आणि त्यातून सेन्सॉरने महार, मांग, पेशवाई हे शब्द काढायला लावले. त्यावर आपण बोललो, लिहिले, योग्य केले. पण जब्बार पटेलांचा 'डॉ. बाबासाहेब आंबेडकर' आठवा. सरकारी पैशाने झालेला, २००० सालचा, राष्ट्रीय पुरस्कार मिळालेला चित्रपट. त्याची तमिळ आवृत्ती तामिळनाडूत थिएटरमध्ये लागायला २०१० उजाडले, तेही प्रकरण हायकोर्टात गेल्यावर. बंदी कोणी घातली होती? कोणीही नाही.

म्हणून नागराज मंजुळेने 'आटपाट' काढली, पा. रंजितने 'नीलम' काढली, याला मी त्यांच्या कोणत्याही एका चित्रपटापेक्षा जास्त महत्त्व देतो. जातपात तोडक मंडळाने भाषणात बदल सुचवले तेव्हा बाबासाहेबांनी एक स्वल्पविरामही बदलायला नकार दिला आणि १९३६ मध्ये ते स्वतः छापून काढले. पंधराशे प्रती दोन महिन्यांत संपल्या. छापखाना आपला असला की भाषण कोणी रद्द करू शकत नाही. पण सिनेमात छापखान्याच्या पुढे थिएटर आहे, आणि आता ओटीटीवाले आहेत, जे एखादा चित्रपट विकत घेऊन दाखवतच नाहीत तेव्हा कारणही देत नाहीत. तिथे आपली मालकी शून्य आहे. जॅरिको लॅबपर्यंत जिंकला आणि थिएटरपाशी हरला, हे कोणी नवा निर्माता पैसे जमवायला निघाला असेल तर त्याने आधी समजून घ्यावे.

जॅरिको पुढे युरोपात राहिला, टोपणनावांनी लिहीत राहिला, सत्तरीच्या दशकात परतला. उतारवयात त्याने लेखकांच्या गिल्डमध्ये एकच काम लावून धरले, काळ्या यादीत पुसलेली नावे त्या त्या चित्रपटांवर परत लावायची. एकेक चित्रपट, एकेक नाव, कागदपत्रे शोधून. १९९२ मध्ये अमेरिकेच्या सरकारी राष्ट्रीय चित्रपट नोंदवहीत 'सॉल्ट ऑफ द अर्थ' दाखल झाला. २७ ऑक्टोबर १९९७ ला हॉलिवूडच्या चार संघटनांनी काळ्या यादीच्या पन्नासाव्या वर्षी जाहीर समारंभ करून चूक मान्य केली. त्या संघटनांत ती लेखकांची गिल्डही होती. जॅरिको त्याला हजर होता. दुसऱ्या दिवशी घरी परतताना मोटार अपघातात तो गेला. वय ८२.

चित्रपट ९४ मिनिटांचा आहे, इंटरनेटवर फुकट मिळतो. इंग्रजी आहे, मधूनमधून स्पॅनिश. ज्या मुलांना उपशीर्षके करता येतात त्यांनी याला मराठी उपशीर्षके करावीत. १४ एप्रिलच्या कार्यक्रमात डीजेच्या पैशातून एक पडदा आणि प्रोजेक्टर येतो. दाखवाल तेव्हा पुरुषांना पुढच्या रांगेत बसवा. रामोन सरपण फोडतो, पाणी तापवतो, दोरीवर कपडे वाळत घालतो आणि शेजारच्या पुरुषाला म्हणतो की नळाची मागणी यादीत सुरुवातीपासूनच असायला हवी होती, तो प्रसंग त्यांना नीट दिसला पाहिजे.